पाषाणातील स्मृती : मायकेलअँजेलो

माणूस कलेची निर्मिती का करतो, या प्रश्नाची विद्वानांनी नाना उत्तरे दिली आहेत. त्यांपैकी एक उत्तर असे की, जे हातून निसटत चालले आहे ते धरून ठेवावे, ही मनुष्यमात्राची मूळची ओढ होय. ही ओढ कवी शब्दांतून, चित्रकार रंगांतून आणि शिल्पकार दगडातून व्यक्त करतो. मात्र साधने निराळी असल्यामुळे या तिघांचे काळाशी असलेले नातेही निराळे असते. कवितेतील शब्द एकामागून एक येतात आणि काळाच्या ओघाबरोबरच वाहतात. चित्र असंख्य क्षणांतून एकच क्षण निवडते व त्यास स्थिर करते. शिल्प ऊन-वाऱ्यात प्रत्यक्ष उभे राहते आणि काळाचे घाव स्वतःच्या अंगावर झेलते. या तिन्ही कलांत ज्याने आपले आयुष्य वेचले आणि तिन्हींच्या द्वारा स्मृती व काळ यांचे कोडे उलगडण्याचा यत्न केला, असा एक असामान्य पुरुष इटलीत होऊन गेला. त्याचे नाव मायकेलअँजेलो ब्वोनार्रोती. त्याची शिल्पे व चित्रे जगाच्या परिचयाची आहेत. परंतु त्याने सुमारे तीनशे कविता लिहिल्या, हे पुष्कळांस ठाऊक नसते. त्याच्या जवळपास एकोणनव्वद वर्षांच्या दीर्घ जीवनाचा वृत्तान्त या एका सूत्राने पाहावा, एवढाच या लेखाचा मर्यादित हेतू आहे.

मायकेलअँजेलोचा जन्म ६ मार्च १४७५ रोजी तस्कनी प्रांतातील काप्रेसे या लहानशा गावी झाला. वडील लोदोव्हिको हे त्या वेळी तेथे न्यायाधिकारी म्हणून नेमणुकीवर होते. घराणे फ्लॉरेन्सचे, कुलाभिमान मोठा आणि प्राप्ती बेताची, अशी त्या कुटुंबाची स्थिती होती. वडिलांच्या नेमणुकीची मुदत संपताच कुटुंब फ्लॉरेन्सला परतले आणि तान्हे मूल जवळच्या सेत्तिन्यानो गावी एका दाईकडे ठेवण्यात आले. ही दाई पाथरवटाची मुलगी आणि पाथरवटाचीच बायको होती. पुढे वृद्धपणी मायकेलअँजेलो थट्टेने सांगत असे की, छिन्नी आणि हातोडा आपण दाईच्या दुधाबरोबरच प्यालो. तो सहा वर्षांचा असताना त्याची आई निवर्तली. आईचा चेहरा पुरता मनावर ठसण्याचे ते वय नव्हे. त्याने जन्मभर माता आणि पुत्र हा विषय पुनःपुन्हा हाताळला, याचा या पोरकेपणाशी किती संबंध जोडावा हे ज्याने त्याने ठरवावे. परंतु ही गोष्ट विसरून त्याची शिल्पे पाहणे कठीण जाते.

मुलाने दगडफोड्याचा धंदा करावा, हे वडिलांस कुलास कमीपणा आणणारे वाटले. तथापि मुलाचा हट्ट प्रबळ ठरला आणि १४८८ मध्ये, वयाच्या तेराव्या वर्षी, तो गिर्लांदायो या नामवंत चित्रकाराच्या कर्मशाळेत दाखल झाला. तेथून लवकरच तो लोरेन्झो द मेदीची याच्या आश्रयास गेला. फ्लॉरेन्सचा हा धनाढ्य सूत्रधार प्राचीन शिल्पांचा संग्राहक आणि विद्वानांचा पोशिंदा होता. त्याच्या उद्यानातील भग्न मूर्तींच्या सहवासात आणि त्याच्या वाड्यातील कवी-तत्त्वज्ञांच्या पंगतीत या मुलाचे शिक्षण झाले. हजार-दीड हजार वर्षांपूर्वीचे हात-पाय तुटलेले पुतळेही आपल्याशी बोलू शकतात, हा धडा त्यास तेथे मिळाला.

या काळानंतरची एक गोष्ट मोठी मनोरंजक आहे. लोरेन्झो १४९२ मध्ये वारला आणि आश्रय सुटला. पुढे मायकेलअँजेलोने निद्रिस्त मदनाची एक संगमरवरी मूर्ती घडविली. तिला जुनाट रूप देऊन एका मध्यस्थाने ती प्राचीन म्हणून रोममधील एका कार्डिनलच्या गळ्यात बांधली. लबाडी उघडकीस आली. कार्डिनलने पैसे परत घेतले. परंतु ज्याच्या हातून काळाची अशी नक्कल उतरते तो कारागीर आहे तरी कोण, हे जाणण्याची उत्सुकता त्यास वाटली. त्या निमित्ताने १४९६ मध्ये मायकेलअँजेलो प्रथम रोमला गेला. पुढे सारे आयुष्य ज्याने खऱ्या काळाशी झुंज घेतली, त्याचा रोममधील प्रवेश काळाच्या सोंगामुळे झाला, हा योगायोग चमत्कारिक खरा.

रोममध्ये एका फ्रेंच कार्डिनलने आपल्या समाधीसाठी ‘पिएता’ घडविण्याचे काम त्याजवर सोपविले. क्रूसावरून उतरविलेल्या पुत्राचे शव मांडीवर घेतलेली माता, असा हा विषय. मूर्ती पूर्ण झाली तेव्हा शिल्पकार अवघा चोवीस वर्षांचा होता. लोकांनी शंका काढली की, तेहतीस वर्षांच्या पुत्राची आई इतकी तरुण कशी? निष्कलंक पवित्र्यामुळे तारुण्य टिकते, अशा आशयाचे समर्थन त्याने दिल्याचे त्याचा शिष्य व चरित्रकार कोंदीव्ही याने नमूद केले आहे. ते समर्थन धर्मशास्त्रास धरून असेल; पण दर्शकास वेगळेच काही जाणवते. जणू त्या मातेच्या मुखावर तान्ह्यास मांडीवर घेतल्याचा क्षण रेंगाळत आहे आणि मांडीवर मात्र मृत्यूनंतरचा क्षण आहे. तेहतीस वर्षांचे अंतर एका दगडात मावले आहे. त्याने आपले नाव कोरलेली हीच एकमेव मूर्ती. मे १९७२ मध्ये एका माथेफिरूने हातोड्याने तिची नासधूस केली. तुटलेले तुकडे जुळवून ती पूर्ववत करण्यात आली आणि तेव्हापासून ती काचेआड आहे.

फ्लॉरेन्सला परतल्यावर १५०१ मध्ये त्याच्या वाट्यास एक टाकाऊ दगड आला. सुमारे पस्तीस वर्षांपूर्वी दुसऱ्या एका शिल्पकाराने त्यावर काम आरंभून सोडून दिले होते आणि तो प्रचंड संगमरवर मुख्य मंदिराच्या आवारात पाऊस झेलीत पडला होता. दुसऱ्याच्या चुकलेल्या घावांसह तो पत्करून मायकेलअँजेलोने त्यातून सतरा फूट उंचीचा ‘डेव्हिड’ बाहेर काढला. यातही निवडलेला क्षण लक्षणीय आहे. पूर्वीच्या शिल्पकारांनी शत्रूचे छिन्न मस्तक पायाशी घेतलेला विजयी डेव्हिड घडविला होता. येथे युद्ध व्हावयाचे आहे. गोफण खांद्यावर आहे. कपाळावर आठी आहे. भविष्यकाळ त्या नजरेत दाटला आहे. पुतळा कोठे बसवावा हे ठरविण्यासाठी भरलेल्या सभेत लिओनार्दो आणि बोत्तिचेल्ली हेही होते. १५०४ मध्ये तो नगरशासनाच्या वाड्यासमोर उभा राहिला आणि १८७३ पर्यंत उघड्यावर होता. १५२७ च्या दंगलीत त्याचा हात मोडला, तो पुढे जोडण्यात आला. आज मूळ पुतळा संग्रहालयात असून चौकात प्रतिकृती आहे.

यानंतर त्याच्या आयुष्यातील सर्वांत दीर्घ यातनेस प्रारंभ झाला. १५०५ मध्ये पोप दुसरा जूलियस याने त्यास आपल्या थडग्यासाठी पाचारण केले. चाळीसहून अधिक मूर्तींचे तीन मजली स्मारक योजिले होते. मायकेलअँजेलो आठ महिने कारारा येथील खाणींत राहिला आणि त्याने दगड निवडून आणविला. तोवर पोपचे मन नव्या महामंदिराकडे वळले, पैसे मिळेनासे झाले आणि संतापाच्या भरात शिल्पकार रोम सोडून निघून गेला. पुढे समेट झाला. पोपने आपला भव्य ब्राँझ पुतळा त्याजकडून बोलोन्या शहरात करवून घेतला. १५०८ मध्ये बसविलेला हा पुतळा १५११ मध्ये पोपच्या शत्रूंनी फोडला आणि त्या धातूची तोफ ओतली. अमर होण्यासाठी केलेली वस्तू तीन-चार वर्षांतच नाहीशी झाली.

सिस्टाइन चॅपेलच्या छतावर चित्रे काढण्याची आज्ञा १५०८ मध्ये झाली, तेव्हा आपण चित्रकार नव्हे, शिल्पकार आहो, अशी तक्रार त्याने केली. तथापि चार वर्षे परांचीवर उभे राहून, मान मागे टाकून, ओल्या गिलाव्यावर त्याने तीनशेहून अधिक आकृती चितारल्या. रंगाचे थेंब तोंडावर ओघळत आहेत आणि देह धनुष्यासारखा वाकला आहे, असे आपल्या दशेचे विनोदी वर्णन त्याने एका सुनीतात केले असून शेजारी स्वतःचे व्यंगचित्रही काढले आहे. या छतावर उत्पत्तीच्या कथेतील नऊ प्रसंग आहेत. कालक्रमाने पाहता विश्वनिर्मिती प्रथम आणि नोहाची कथा शेवटी येते. मायकेलअँजेलोने रंगकामास आरंभ केला तो नोहाच्या बाजूकडून. म्हणजे प्रलयापासून उगमाकडे, असा तो काळाच्या उलट दिशेने चितारीत गेला. जसजसा तो मागे गेला तसतशा आकृती मोठ्या, मोजक्या आणि मोकळ्या होत गेल्या. खिडक्यांवरच्या कमानींत त्याने ख्रिस्ताचे पूर्वज रंगविले आहेत. बायबलात ती केवळ नावांची यादी आहे. येथे मात्र मुलांस निजविणाऱ्या, सूत कातणाऱ्या, वाट पाहून थकलेल्या सामान्य माणसांच्या पिढ्याच दिसतात. १९८० ते १९८९ या काळात धुराची व मेणबत्त्यांच्या काजळीची पुटे काढण्यात आली, तेव्हा त्याचे मूळचे तेजस्वी रंग जगास पुन्हा दिसले.

जूलियस १५१३ मध्ये वारला. थडग्याचे झेंगट मात्र सुटले नाही. वारसांशी नवनवे करार झाले, प्रत्येक करारात स्मारक लहान होत गेले आणि नवे पोप त्यास दुसऱ्याच कामांना जुंपीत राहिले. राजसेवेचा व्यवहार ज्याने जवळून पाहिला आहे, त्यास या हकिगतीचे फारसे नवल वाटणार नाही. अधिकारी बदलतो, अग्रक्रम बदलतो. जुन्या कामाचे उत्तरदायित्व मात्र ज्याच्या शिरावर पडले त्याच्याच शिरावर राहते. अखेरीस १५४५ मध्ये, चाळीस वर्षांनंतर, रोममधील सान प्येत्रो इन व्हिंकोली या चर्चमध्ये एका भिंतीपुरते स्मारक उभे राहिले. त्यात ‘मोझेस’चा अद्‌भुत पुतळा आहे, जूलियसचा देह मात्र तेथे नाही. तो सेंट पीटर्समध्ये पुरलेला आहे. याच थडग्यासाठी आरंभलेले चार अपुरे बंदिवान फ्लॉरेन्सच्या संग्रहालयात आहेत. दगडातून अर्धवट बाहेर पडलेली ती शरीरे पाहताना शिल्पकाराचा हात क्षणापूर्वीच थांबला असावा असे वाटते.

काळाविषयीचे त्याचे चिंतन सर्वांत स्पष्टपणे प्रकटले ते फ्लॉरेन्समधील मेदीची चॅपेलमध्ये. अकाली मरण पावलेल्या दोन मेदीची तरुणांच्या समाधींचे हे काम १५२० च्या सुमारास सुरू झाले. प्रत्येक समाधीवर त्याने दोन आडव्या आकृती योजिल्या. एकीवर दिवस आणि रात्र, दुसरीवर सायंकाळ आणि पहाट. हे चार प्रहर म्हणजे माणसास मृत्यूकडे वाहून नेणारा काळच होय. रात्रीच्या मस्तकी चंद्र व तारा आहे, मांडीखाली घुबड आहे, जवळ अफूची बोंडे व मुखवटा आहे. दिवसाचा चेहरा अपुरा, खरबरीत राहिला आहे. पहाट जागी होत आहे, परंतु तिच्या मुखावर उत्साह नाही. जागे होणे हेच तिला दुःखाचे वाटते. कोंदीव्ही सांगतो की, तेथे एक उंदीरही कोरण्याचा त्याचा बेत होता. जसा उंदीर सतत कुरतडतो तसाच काळ सर्व काही कुरतडतो, ही त्यामागील कल्पना. त्यासाठी दगडाचा तुकडा राखूनही ठेवला होता, पण उंदीर कोरावयाचा राहून गेला.

या समाधींवरील तरुणांचे पुतळे त्यांच्या खऱ्या चेहऱ्यांशी जुळत नाहीत, अशी टीका झाली. हजार वर्षांनंतर ते कसे दिसत होते हे कोणास ठाऊक असणार, असा त्याचा युक्तिवाद होता. वरवर हे उत्तर उद्धट वाटते. परंतु स्मारकाचे सत्य त्यात आहे. चेहरेपट्टी लवकर विसरली जाते. टिकते ते कलावंताने दिलेले रूप. आज त्या दोन तरुणांची नावे इतिहासाच्या अभ्यासकांखेरीज फारशा कोणास ठाऊक नसतात आणि त्यांच्या पायाशी पहुडलेली रात्र मात्र सर्वांस ठाऊक आहे.

हे काम चालू असतानाच फ्लॉरेन्सने १५२७ मध्ये मेदीची घराण्यास हाकून देऊन प्रजासत्ताक स्थापिले. त्या घराण्याच्या आश्रयात वाढलेला मायकेलअँजेलो प्रजासत्ताकाच्या बाजूने उभा राहिला आणि नगराच्या तटबंदीचा मुख्याधिकारी झाला. मध्यंतरी घाबरून तो व्हेनिसला पळाला, पण वेढा पडलेल्या आपल्या शहरात पुन्हा परतला. ऑगस्ट १५३० मध्ये फ्लॉरेन्स पडले; मित्रांपैकी काहींचा वध झाला आणि तो लपून राहिला. मेदीची कुळातील पोप सातव्या क्लेमेंटने त्यास क्षमा केली, ती समाधींचे काम पुढे नेण्यासाठी. ज्यांनी शहराचे स्वातंत्र्य हिरावले त्यांचीच स्मारके घडविण्याची पाळी त्यावर आली. पुढे एका कवीने ‘रात्र’ इतकी सजीव आहे की हाक मारताच जागी होईल, अशा आशयाची स्तुती केली. तेव्हा मायकेलअँजेलोने रात्रीच्याच तोंडून पद्यमय उत्तर दिले. अपमानाचे दिवस असताना तिने दगड होऊन निजणेच बरे, असा त्याचा रोख होता. मूर्तीतील मौनाचा अर्थ येथे कवितेने उघड केला. १९७५ मध्ये त्या वास्तूखालच्या एका लहान खोलीच्या भिंतींवर कोळशाची रेखाटने आढळली. ती त्याने लपून असताना काढली असावीत, असे मानले जाते. २०२३ च्या नोव्हेंबरापासून ती खोली मोजक्या दर्शकांस खुली झाली.

याच सुमाराच्या वर्षांत त्याचा आवडता भाऊ प्लेगने गेला. पुढे वडीलही गेले. जन्मभर पैशासाठी तगादा लावणाऱ्या आणि मुलाच्या धंद्याची लाज बाळगणाऱ्या या वडिलांवर त्याने एक दीर्घ शोककविता लिहिली. ती अपुरी आहे. त्या कवितेत भावाच्या आठवणीसाठी त्याने चित्राची आणि वडिलांच्या आठवणीसाठी शिल्पाची उपमा योजिली आहे. तिन्ही कला एके ठिकाणी भेटण्याचा हा प्रसंग फार हृद्य आहे. कवी स्मृतीविषयी बोलू लागला आणि भाषा त्यास चितारी व शिल्पी या आपल्याच दोन रूपांकडून उसनी घ्यावी लागली. शिवाय तो सर्व दुःखांस समान लेखीत नाही. काही आठवणी रंगाप्रमाणे वरवर पसरतात आणि काही छिन्नीप्रमाणे आत खोल जातात, हा भेद त्याच्या अनुभवातून आलेला आहे.

१५३४ मध्ये तो रोमला गेला आणि फ्लॉरेन्सला जिवंतपणी पुन्हा परतला नाही. तेथे १५३६ ते १५४१ या काळात त्याने सिस्टाइनच्याच वेदीमागील भिंतीवर ‘अंतिम न्याय’ चितारला. छतावर त्याने काळाचा आरंभ दाखविला होता. चोवीस वर्षांनंतर भिंतीवर त्याचा अंत दाखविला. त्यात संत बार्थोलोम्यूच्या हाती सोललेले कातडे आहे आणि त्या लोंबत्या कातड्यावरील विरूप चेहरा चित्रकाराचा स्वतःचा आहे, असे अभ्यासक मानतात. याच काळात विदुषी कवयित्री व्हित्तोरिया कोलोन्ना हिच्याशी त्याचा शुद्ध स्नेह जडला. दोघांनी एकमेकांस कविता पाठविल्या. १५४७ मध्ये ती वारली तेव्हा मृत्युशय्येवरील तिच्या हाताचे त्याने चुंबन घेतले. कपाळाचे घेतले नाही, याची खंत त्यास शेवटपर्यंत होती. मूर्तीतून मूर्ती जन्मते, तसे गेलेल्या माणसाचे रूप कलेतून मृत्यूवर मात करते, हा विचार त्याच्या उत्तरकालीन कवितांत वारंवार येतो. आणि कलाही अखेरीस आत्म्यास शांत करू शकत नाही, ही कबुलीही येते.

एकाहत्तराव्या वर्षी सेंट पीटर्सच्या महामंदिराचा मुख्य वास्तुकार म्हणून त्याची नेमणूक झाली. त्याने वेतन नाकारले. आपल्या हयातीत घुमट पुरा होणार नाही, हे त्यास पक्के ठाऊक होते. तरी त्याने लाकडी नमुना करवून ठेवला आणि पाया असा भक्कम केला की नंतरच्यांस फारसा बदल करता येऊ नये. घुमट १५९० मध्ये पुरा झाला.

सव्वीस वर्षे सेवा केलेला त्याचा उर्बिनो नावाचा सेवक आजारी पडला, तेव्हा ऐंशीच्या घरातील धन्याने रात्री जागून त्याची शुश्रूषा केली. तो गेल्यावर आता आपल्यापाशी आपला मोठा भाग उरला नाही, अशी त्याची भावना झाली. त्याच सुमारास, स्वतःच्या थडग्यासाठी तो रात्री मेणबत्तीच्या उजेडात घडवीत असलेली दुसरी ‘पिएता’ त्याने रागाच्या भरात फोडली. शिष्याने जोडलेल्या त्या मूर्तीत मागे उभ्या वृद्धाचा चेहरा शिल्पकाराचाच आहे. तिसरी, ‘रोंदानिनी पिएता’, मिलानमध्ये आहे. मृत्यूच्या सहाच दिवस आधीही तो तीवर छिन्नी चालवीत होता. जुन्या आराखड्यातील एक सुटा हात तेथे तसाच राहिला असून शेजारी माता व पुत्र एकमेकांत मिसळून गेले आहेत. कोण कोणास सावरते, हे सांगता येत नाही. चोविसाव्या वर्षी ज्याने प्रत्येक शीर घोटून दाखविली, त्याने नव्वदीच्या उंबरठ्यावर सारे तपशील गाळले. म्हाताऱ्याच्या आठवणीतही असेच होत असते. चेहरेपट्ट्या पुसट होतात आणि मिठी तेवढी उरते.

परमुलखात संसार मांडलेल्या आपणां मंडळींस त्याच्या उत्तरायुष्यातील आणखी एक प्रसंग जवळचा वाटेल. रोममध्ये फ्लॉरेन्सवासी लोकांचा मोठा समाज होता. आपल्या भूमीच्या रक्षक संताच्या नावे आपले चर्च असावे, या इच्छेने त्यांनी १५५९ मध्ये या वृद्धास गळ घातली आणि चौऱ्याऐंशी वर्षांच्या त्या माणसाने त्यांच्यासाठी आराखडे काढून दिले. ते प्रत्यक्षात उतरले नाहीत. पण पंचवीस वर्षे गाव सोडलेल्या माणसाने गावकऱ्यांचा शब्द मोडला नाही, हे महत्त्वाचे. १८ फेब्रुवारी १५६४ रोजी तो रोममध्ये निवर्तला. देह फ्लॉरेन्सला न्यावा, ही त्याची इच्छा होती. रोमकर अडवतील या भीतीने पुतण्याने तो व्यापारी मालाच्या गठ्ठ्याप्रमाणे बांधून गुपचूप नेला आणि सांता क्रोचे चर्चमध्ये त्यास विसावा मिळाला.

मरणापूर्वी त्याने आपली पुष्कळ रेखाटने जाळून टाकली. मागे आपल्या धडपडीची खूण राहू नये, केवळ पूर्णत्व दिसावे, अशी त्याची इच्छा असल्याचे चरित्रकार व्हासारी सांगतो. काळाने ती इच्छा मानली नाही. पुतण्याच्या मुलाने १६२३ मध्ये त्याच्या कविता पुष्कळ फेरफार करून छापल्या. मूळ शब्द १८६३ मध्ये प्रकाशात आले. अपुऱ्या मूर्ती संग्रहालयांत सन्मानाने उभ्या राहिल्या. त्याने ज्यांची स्मारके पत्करली त्यांपैकी एकाचा पुतळा तोफ झाला, त्याचेच थडगे रिकामे राहिले, आणखी दोघांचे चेहरे कोणास आठवत नाहीत. उरले ते दगडावरचे छिन्नीचे व्रण. पाच शतकांपूर्वी एक हात येथे थांबला, विचारात पडला आणि पुन्हा चालू लागला, याची साक्ष ते देतात. संस्थांचे आणि माणसांचेही बहुधा असेच असते. शिलालेखावरील नावे पुसट होतात. कोणीतरी मनापासून केलेल्या कामाची खूण मात्र हाताला लागते. मायकेलअँजेलोच्या चरित्रातून आपण घ्यावयाचा बोध एवढाच, आणि तो थोडा नाही.